चंदनपुरीची बाणाई : धनगरी ओवी, जागरण आणि मौखिक महाकाव्याचा प्रश्न

मराठीत महाकाव्य आहे काय, हा प्रश्न आपल्या वाङ्मयेतिहासात अनेकदा विचारला गेला आहे. त्याचे उत्तर शोधताना अभ्यासकांची दृष्टी सामान्यतः मुक्तेश्वराच्या महाभारताकडे, श्रीधराच्या ‘रामविजय’ व ‘पांडवप्रतापा’कडे, मोरोपंतांच्या आर्याभारताकडे किंवा अर्वाचीन काळातील खंडकाव्य-महाकाव्यांच्या प्रयत्नांकडे वळते. ही सर्व रचना लिखित आहे आणि तिची कथावस्तू बहुतांशी संस्कृत परंपरेतून आलेली आहे. रात्र-रात्र गाइले जाणारे, ज्याचा कर्ता सांगता येत नाही, ज्याचे एकच एक असे रूप नाही आणि तरीही ज्याला ऐकणारा समाज ‘आपली कथा’ म्हणून ओळखतो, असे दीर्घ गेय कथाकाव्य मराठीत आहे. परंतु महाकाव्याच्या चर्चेत त्याला प्रवेश मिळालेला नाही. त्याची नोंद ‘लोकगीते’ या सदरात होते आणि तेथेच ती थांबते.

या उपेक्षेचे एक कारण आपल्या संकलनाच्या इतिहासात सापडते. पोवाड्याकडे अभ्यासकांचे लक्ष लवकर गेले. एच. ए. ॲक्वर्थ आणि शंकर तुकाराम शाळिग्राम यांनी १८९१ मध्ये ऐतिहासिक पोवाड्यांचा संग्रह प्रसिद्ध केला, पुढे य. न. केळकरांनी १९२८ पासून हे काम अधिक शास्त्रशुद्ध पायावर नेले. पोवाडा हा इतिहासाचे साधन म्हणून मोलाचा मानला गेला. अज्ञानदासाचा अफजलखानवधाचा पोवाडा किंवा तुळशीदासाचा सिंहगडाचा पोवाडा यांत तपासून पाहता येईल असा प्रसंग होता, व्यक्ती होत्या, तिथी होती. मेंढपाळांच्या देवाची कथा इतिहासाला असे काही देऊ शकत नव्हती. म्हणून ती दैवतशास्त्राकडे गेली, मानववंशशास्त्राकडे गेली. काव्यशास्त्राकडे मात्र आली नाही.

प्रस्तुत लेखात खंडोबा आणि बाणाई यांच्या कथेच्या आधारे या प्रश्नाचा विचार करावयाचा आहे. ही कथा निवडण्याचे कारण असे की तिचे एक टोक नाशिक जिल्ह्यात, मालेगावजवळच्या चंदनपुरी या गावी आहे. दुसरे कारण अधिक महत्त्वाचे आहे. एकच कथा महाराष्ट्रात दोन वेगवेगळ्या गायनसंस्थांनी सांभाळली आहे : धनगरांच्या ओवीने आणि वाघ्या-मुरळीच्या जागरणाने. या दोहोंची तुलना केली असता मौखिक महाकाव्याविषयी जे लक्षात येते, ते केवळ एका परंपरेच्या अभ्यासातून येणे कठीण आहे. ही तुलना स्पष्ट व्हावी म्हणून प्रथम अरबी लोकपरंपरेतील एका प्रसिद्ध उदाहरणाचा परिचय करून घेऊ.

१. सीरा : चालण्याची कथा

अरबी भाषेत दीर्घ लोककथाकाव्याला ‘सीरा’ म्हणतात. या शब्दाच्या मुळाशी ‘चालणे, प्रवास करणे’ असा अर्थ आहे. त्यावरून ‘जीवनक्रम’ आणि ‘चरित्र’ हे अर्थ आले. मराठीतील ‘चरित्र’ हा शब्दही ‘चर्’ या गतिवाचक धातूपासूनच सिद्ध होतो, हे साम्य ध्यानात ठेवण्याजोगे आहे. या प्रकारातील ‘सीरत बनी हिलाल’ ही रचना बनू हिलाल नावाच्या बदाऊनी टोळीची कथा सांगते. ही टोळी मूळची अरबस्तानातील नज्द भागातील. अकराव्या शतकात ती इजिप्तमार्गे उत्तर आफ्रिकेत, आजच्या ट्युनिशियाच्या प्रदेशात, शिरली. चौदाव्या शतकातील इतिहासकार इब्न खल्दून याने या टोळीच्या काव्याची दखल घेतली आहे. कथेचा मध्यवर्ती भाग म्हणजे दुष्काळामुळे चाऱ्याच्या शोधात पश्चिमेकडे झालेले स्थलांतर. त्याला ‘तगरीबा’ म्हणजे पश्चिमयात्रा असे नाव आहे. अबू झैद हा काळ्या वर्णाचा वीर, दियाब हा त्याचा स्पर्धक, जाझिया ही बुद्धिमती स्त्री आणि ट्युनिसचा झनाती खलिफा हा प्रतिपक्षी, ही त्यातील प्रमुख पात्रे होत.

एडवर्ड लेन या इंग्रज लेखकाने १८३६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या आपल्या ग्रंथात कैरोतील कथागायकांची माहिती दिली आहे. अबू झैदाची कथा सांगणारे गायक तेव्हा त्या शहरात पन्नासच्या आसपास होते. बैबर्स या सुलतानाची कथा सांगणारे वेगळे होते. अंतर या वीराची कथा सांगणारे त्याहूनही वेगळे, आणि हे शेवटचे पुस्तकातून वाचून दाखवीत. इतर सीरांचे गायन पुढे मावळले. हिलाली सीरा मात्र गायली जात राहिली. रबाब या तंतुवाद्याच्या साथीने हे गायन होते. नाईलच्या त्रिभुज प्रदेशातील गायक दीर्घ एकयमकी ओळी गातात, तर वरच्या इजिप्तमध्ये चार-चार ओळींचे बंध गाण्याची रीत आहे. अब्दुर्रहमान अल-अब्नूदी या कवीने जाबिर अबू हुसैन या गायकाकडून ही कथा ध्वनिमुद्रित केली आणि ती रेडिओवरून घरोघरी पोचली. २००३ मध्ये युनेस्कोने या परंपरेचा मानवजातीच्या मौखिक वारशात गौरवपूर्वक समावेश केला आणि २००८ मध्ये ती प्रातिनिधिक सूचीत आली.

या परंपरेच्या अभ्यासात ड्वाइट रेनल्ड्स यांचा १९९५ मधील ग्रंथ महत्त्वाचा आहे. त्रिभुज प्रदेशातील अल-बकातूश या गावातील गायकांचा अभ्यास करून त्यांनी दाखवून दिले की हे गायक त्या गावातील शेतकरी समाजाचे घटक मानले जात नाहीत. ते वेगळ्या, सामाजिक दृष्ट्या खालच्या समजल्या जाणाऱ्या गटाचे आहेत. ज्यांची कथा ते गातात त्या बदाऊनी वीरांचेही ते वंशज नव्हेत. म्हणजे एका परक्याने, दुसऱ्याच कोणाच्या पूर्वजांची कथा, तिसऱ्यांना ऐकवावी असा हा व्यवहार आहे. आणि कथेत काय घडते? नायक अबू झैद शत्रूच्या प्रदेशात शिरताना वारंवार भटक्या कवीचा वेष घेतो, हाती रबाब घेतो. गाणारा आणि ज्याच्याविषयी गायचे तो वीर, हे दोघे त्या क्षणी एक होतात. रेनल्ड्स यांचे हे निरीक्षण पुढील विवेचनास उपयोगी पडणार आहे.

२. धनगरी ओवीचे स्वरूप

‘ओवी’ या शब्दाने मराठी वाचकाच्या मनात दोन गोष्टी उभ्या राहतात : ज्ञानेश्वरीची ग्रंथगत ओवी आणि जात्यावरची स्त्रियांची ओवी. चालुक्य राजा सोमेश्वर याच्या ‘मानसोल्लासा’त (११२९) महाराष्ट्रातील स्त्रिया कांडताना ओवी गातात असा उल्लेख आहे, त्यावरून या प्रकाराचे प्राचीनत्व कळते. धनगरांची ओवी या दोहोंहून निराळी आहे. ती पुरुष गातात, समूहाने गातात आणि ती कथनपर आहे. बिरोबा, म्हस्कोबा, धुळोबा, खंडोबा या देवांचे जन्म, त्यांची भटकंती, त्यांचे विवाह, त्यांचे संघर्ष हे तिचे विषय. कोल्हापूर जिल्ह्यातील पट्टणकोडोली, सांगली जिल्ह्यातील आरेवाडी, पुरंदर तालुक्यातील वीर ही या देवांची प्रसिद्ध ठाणी होत. सीमेपलीकडे कर्नाटकात चिंचलीची मायाक्का आहे.

ओवीचा प्रारंभ ‘सुंबराना’ने होतो. हा शब्द ‘स्मरणा’चेच बोलीतील रूप. देवांचे, ठाण्यांचे, गुरूंचे स्मरण केल्यावाचून कथा मांडता येत नाही. मुख्य गायक एक चरण उचलतो, साथीदार तो झेलतात, पुन्हा म्हणतात, पुरा करतात. काही अंश असा गाऊन झाला की गायन थांबते आणि तोच कथाभाग गद्यात, ठेक्यात, जलद लयीत सांगितला जातो. या गद्य भागाला ‘सपादणी’ म्हणतात. नाट्य-लोककला क्षेत्रातील ‘संपादणी’ या शब्दाशी त्याचे नाते उघड आहे. मग पुन्हा ओवी, पुन्हा सपादणी, असा क्रम रात्रभर चालतो.

येथे अरबी सीरेशी एक महत्त्वाचा भेद दिसतो. नाईलच्या त्रिभुज प्रदेशातील गायकही गद्य व पद्य यांचा वापर करतो, परंतु तेथे गद्य कथा पुढे नेते आणि पात्र बोलू लागले की पद्य सुरू होते. दोहोंत श्रमविभाग आहे. धनगरी ओवीत गद्य हे पद्यात आलेलेच पुन्हा सांगते, त्यात भर घालते, उलगडते. म्हणजे प्रत्येक प्रसंग श्रोत्यापर्यंत दोनदा पोचतो : एकदा स्वरातून, एकदा बोलण्यातून. ही पुनरुक्ती दोष म्हणून पाहिली तर या काव्याचा रचनाधर्मच हातून निसटतो.

या ओव्यांचा पद्धतशीर अभ्यास प्रथम केला तो गुंथर सोन्थायमर या जर्मन विद्वानाने. हायडेलबर्ग विद्यापीठाशी संबंधित असलेल्या सोन्थायमरांनी महाराष्ट्रात वर्षानुवर्षे हिंडून ओव्या ध्वनिमुद्रित केल्या. बिरोबा, म्हस्कोबा आणि खंडोबा या दैवतांवरील त्यांचा जर्मन ग्रंथ १९७६ मध्ये आला. ॲन फेल्डहाऊस यांनी केलेले त्याचे इंग्रजी भाषांतर १९८९ मध्ये प्रसिद्ध झाले. १९९२ मध्ये सोन्थायमरांचे निधन झाले. त्यांनी ध्वनिमुद्रित केलेल्या ओव्यांपैकी बिरोबा आणि धुळोबा यांच्या दोन दीर्घ कथा फेल्डहाऊस यांनी रामदास आतकर व राजाराम झगडे यांच्या सहकार्याने २०१४ मध्ये इंग्रजीत आणल्या. मराठीत डॉ. रा. चिं. ढेरे यांनी खंडोबा आणि विठ्ठल या दैवतांच्या शोधात धनगरी परंपरेचे मोल प्रथमपासून ओळखले होते. या सर्व कार्याचा रोख मुख्यतः दैवतांच्या उगमाकडे आहे. काव्य म्हणून ओवीचा विचार करण्याचे काम मराठी विभागांकडे येते.

३. बाणाईची कथा आणि तिचा भूगोल

खंडोबाविषयीच्या ‘मल्हारीमाहात्म्य’ या संस्कृत ग्रंथात केंद्रस्थानी आहे तो मणि आणि मल्ल या दैत्यांचा वध. बाणाईच्या दारी चाकरी करणारा देव ठसठशीतपणे उभा राहतो तो मौखिक परंपरेत. कथेचा सारांश असा. खंडोबाची पहिली पत्नी म्हाळसा, नेवाशाची, लिंगायत वाण्याच्या घरची. देव आणि म्हाळसा सारीपाट खेळतात. देव हरतो आणि पणाप्रमाणे बारा वर्षांचा वनवास पत्करतो. तो चंदनपुरीस येतो आणि म्हाताऱ्या, ओंगळ चाकराच्या रूपात बाणाईच्या घरी मेंढरे राखण्याच्या कामास राहतो. एके दिवशी त्याला मेंढरे धुऊन आणावयास सांगितले जाते. तो ती नदीवर नेतो आणि धुणे आपटावे तशी दगडावर आपटून मारून टाकतो. सारा कळप मेलेला पाहून बाणाई आकांत करते. तेव्हा तो म्हणतो, माझ्याशी लग्न करशील तर मेंढरे उठवीन. भंडारा उधळला जातो, मेंढरे जिवंत होतात, देव आपले रूप प्रकट करतो. बाणाईला घेऊन तो जेजुरीस येतो. म्हाळसा तिला स्वीकारीत नाही. आजही जेजुरीच्या गडावर देवाशेजारी म्हाळसा आहे, आणि बाणाईचे देऊळ डोंगराच्या अर्ध्या वाटेवर आहे.

ही कथा एखाद्या सलग रेषेत मांडली तर नेवासे, जेजुरी, चंदनपुरी आणि पुन्हा जेजुरी असा प्रवास दिसतो. म्हणजे आजच्या अहिल्यानगर, पुणे आणि नाशिक या तीन जिल्ह्यांना जोडणारी, प्रवरेच्या काठापासून एकीकडे गिरणेच्या खोऱ्यापर्यंत आणि दुसरीकडे कऱ्हेपर्यंत जाणारी ही वाट आहे. हा दख्खनच्या पठाराचा कोरडा पट्टा. गवताचा आणि मेंढ्यांचा प्रदेश. पावसाळ्यात या पट्ट्यात राहावे, पिके निघाल्यावर कळप घेऊन बाहेर पडावे, शेतकऱ्याच्या रानात वाडा टाकावा, मेंढ्या बसवून खत द्यावे आणि मोबदल्यात धान्य घ्यावे, हा धनगरांचा वर्षक्रम. कथेतील देव ज्या प्रकारे गाव सोडतो, परक्या दारी राहतो आणि पुन्हा ठाण्यावर परततो, तो क्रम श्रोत्यांच्या स्वतःच्या वर्षाचाच आहे.

मौखिक कथाकाव्याची एकात्मता कशात असते, या प्रश्नाचे उत्तर येथे मिळते. गायकाला हजारो ओळी पाठ असाव्या लागत नाहीत. मिल्मन पॅरी यांनी १९३३ ते १९३५ या काळात युगोस्लाव्हियात गायकांचे ध्वनिमुद्रण केले आणि त्यांचे शिष्य आल्बर्ट लॉर्ड यांनी १९६० मधील आपल्या ग्रंथात त्याचा सिद्धान्त मांडला. अवदो मेजेदोविच या निरक्षर गायकाने बारा हजारांहून अधिक ओळींचे एक काव्य त्यांना सांगितले होते. गायक ठरीव शब्दबंध आणि ठरीव प्रसंगरचना यांच्या साहाय्याने गाता-गाताच काव्य रचतो, हे लॉर्ड यांचे प्रतिपादन. धनगरी ओवीतही असे शब्दबंध विपुल आहेत. परंतु त्यांना सांधणारे सूत्र कोणते, असे विचारले तर ते वाटेचे सूत्र आहे असे म्हणावे लागते. एका ठाण्यावरून दुसऱ्या ठाण्यावर जाताना कोणता प्रसंग येतो हे गायकाला ठाऊक असते, कारण ती ठाणी त्याने पायांखाली घातलेली असतात. हिलाली सीरेत तगरीबा जे कार्य करते तेच येथे नेवासे–चंदनपुरी–जेजुरी ही वाट करते. चालण्याच्या क्रमातच कथेचा क्रम सामावलेला आहे.

४. तीच कथा, दुसरे गायक

बाणाईची कथा गाणारी दुसरी संस्था म्हणजे खंडोबाचे जागरण. घरात लग्नकार्य झाले किंवा नवस फेडायचा असला की वाघ्या-मुरळीला बोलावले जाते. चौक भरला जातो, उसाची धाटे उभी केली जातात, दिवटी पाजळली जाते, तळी भरली जाते. वाघ्याच्या हाती डिमडी, साथीला तुणतुणे, मुरळीच्या हाती घोळ. निरनिराळ्या ठाण्यांच्या देवांना जागरणास येण्याचे आवाहन केले जाते आणि मग गाणी व कथा यांची रात्र सुरू होते. पहाटे लंगर तोडून समाप्ती होते. जागरण करणारे यजमान कुणबी, माळी, कोळी, रामोशी, ब्राह्मण अशा अनेक जातींचे असतात. म्हणजे येथे गायक व्यावसायिक आहे, श्रोता यजमान आहे आणि दोघांचा समाज एक असेलच असे नाही. या एका बाबतीत जागरण हे धनगरी ओवीपेक्षा इजिप्तमधील गायनपरंपरेला अधिक जवळचे आहे. मुली देवाला वाहून मुरळी करण्याच्या प्रथेमागे स्त्रीच्या शोषणाचा जो इतिहास आहे, तो विसरून या कलेचे गुणगान करता येणार नाही. तिच्या गायनाचा विचार करताना तिचे हे स्थान विचारात घ्यावेच लागते.

गायक बदलला की कथेचा तोल बदलतो. जागरणात म्हाळसा आणि बाणाई यांचा सवतीमत्सर विशेष रंगतो. दोघींचे संवाद, एकमेकींच्या जातीवरून, रूपावरून, खाण्यापिण्यावरून काढलेली उणीदुणी आणि मध्ये सापडलेला देव, यांतून हास्य निर्माण होते. अनेक जातींच्या यजमानांसमोर वाण्याची लेक आणि धनगराची लेक यांचे भांडण ही सर्वांना समजणारी, सर्वांना हसविणारी वस्तू ठरते. धनगरी ओवीत भर पडतो तो मेंढरांवर : कळपाचे वर्णन, मेंढ्या राखण्याची कष्टाची तपशीलवार रीत, त्या मरणे आणि पुन्हा उठणे. ज्याच्या संसाराचे सारे धन एका कळपात आहे, त्याला सारा कळप क्षणात गमावणे म्हणजे काय हे समजावून सांगावे लागत नाही. रोगाने, अवकाळी पावसाने, गारपिटीने कळप पडल्याचा अनुभव त्या समाजाच्या स्मृतीत असतो. बाणाईचा आकांत हा त्या प्रयोगात कथेचा अलंकार राहत नाही. तो श्रोत्यांचा आकांत होतो.

५. नायकाचा वेष

आता रेनल्ड्स यांच्या निरीक्षणाकडे परत येऊ. अरबी सीरेत नायक कवीचा वेष घेतो. बाणाईच्या कथेत देव मेंढक्याचा वेष घेतो. या दोन वेषांतरांतील फरकाकडे योगायोग म्हणून पाहता येणार नाही. अल-बकातूशचा गायक आपल्या श्रोत्यांना परका आहे. कथेतून त्याला जी प्रतिष्ठा मिळवायची आहे ती ‘गाणारा’ म्हणून. म्हणून वीर गाणारा होतो. धनगरी ओवीचा गायक आपल्याच समाजात, आपल्याच देवापुढे गातो. तो सकाळी स्वतः मेंढरे हाकतो आणि त्याचे श्रोतेही तेच करतात. गाण्याबद्दल वेगळी प्रतिष्ठा त्याला मागावयाची नाही. प्रतिष्ठा हवी आहे ती मेंढ्या राखण्याच्या कर्माला. म्हणून देव मेंढक्या होतो, आणि तोही म्हातारा, ओंगळ, कोणी जवळ न करावा असा.

वाघ्याच्या बाबतीत हाच प्रसंग आणखी वेगळा अर्थ घेतो असे वाटते. ‘वाघ्या’ हा देवाचा सेवक. जुन्या विधींत तो देवाचा कुत्रा म्हणून भुंकत असे आणि कोटंब्यातून खात असे. जो स्वतः चाकरीच्या पराकोटीस गेला आहे, त्याच्या तोंडून ‘देव बारा वर्षे चाकर झाला’ ही गोष्ट ऐकली जाते तेव्हा स्वामी आणि सेवक यांची अदलाबदल हा तिचा गाभा होतो.

राजस्थानातील पाबूजीच्या महाकाव्याचे उदाहरण येथे ताडून पाहता येईल. पाबूजी हा उंट राखणाऱ्या रेबारी समाजाचा देव. परंतु त्याची कथा चित्रपटासमोर उभे राहून गातात ते नायक जातीचे भोपे. जॉन स्मिथ यांनी १९९१ मध्ये या काव्याचा ग्रंथ सिद्ध केला. तेथेही गायक आणि भक्त वेगवेगळ्या समाजांचे आहेत. या पार्श्वभूमीवर पाहिले असता धनगरी ओवीचे वैशिष्ट्य उठून दिसते : गायक, श्रोता आणि कथेतील देव हे तिघेही एकाच व्यवसायाचे आहेत. मौखिक महाकाव्याच्या तुलनात्मक अभ्यासात महाराष्ट्राने घालावयाची भर ही आहे, असे म्हणता येईल.

यावर एक आक्षेप संभवतो. महाकाव्याला युद्ध हवे, वीर हवा. मेंढरे राखणारा देव हा महाकाव्याचा नायक कसा? १९८९ मध्ये स्टुअर्ट ब्लॅकबर्न आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी संपादित केलेल्या भारतीय मौखिक महाकाव्यांवरील ग्रंथात वीरप्रधान, बलिदानप्रधान आणि प्रणयप्रधान असे तीन प्रकार कल्पिले आहेत. म्हणजे युद्ध हे महाकाव्याचे एकमेव लक्षण नव्हे, हे मान्य झालेले आहे. कथेचा दीर्घ विस्तार, गेय रचना, नायकाचे लोकोत्तर चरित्र आणि एका समाजाने त्यात पाहिलेली स्वतःची ओळख, हे निकष लावले तर धनगरी ओवी त्यांवर उतरते.

६. संहितेचा प्रश्न

ओवीला महाकाव्य म्हणून मान्यता मिळाली की लगेच दुसरा प्रश्न उभा राहतो : ती कोणत्या रूपात छापायची? आपल्या संकलनांतून रूढ झालेली रीत अशी की पुनरुक्ती गाळावी, ‘पाठ शुद्ध’ करावा, अनेक गायकांच्या आवृत्तींतून एक ‘संपूर्ण’ कथा जुळवावी. हस्तलिखितांच्या संपादनातून आलेली ही दृष्टी मौखिक काव्याला लावली की काय होते? सपादणी ही पुनरुक्ती म्हणून गळते, साथीदारांनी झेललेले चरण गळतात, सुंबरानातील ठाण्यांची यादी कंटाळवाणी म्हणून आखूड होते. उरते ती कथा. काव्य गेलेले असते.

याला पर्याय आहे. फिनलंडचे लाउरी होन्को यांनी दक्षिण कर्नाटकातील तुळू भाषेतील ‘सिरी’ या महाकाव्याचे संहितीकरण केले. गोपाल नायक या एकाच गायकाने गायलेले १५,६८३ ओळींचे ते काव्य १९९८ मध्ये प्रसिद्ध झाले. होन्कोंनी अनेक पाठांची मोडजोड केली नाही. एका गायकाचा एक प्रयोग, त्याच्या परिस्थितीसह, जसाच्या तसा ग्रंथात आणला. गायकाच्या मनात कथेचा जो आराखडा असतो त्याला त्यांनी ‘मनःसंहिता’ म्हणता येईल अशी संज्ञा दिली. मराठीत असे एखादे काम व्हावयाचे असेल तर बाणाईची कथा त्यासाठी योग्य आहे, कारण ओवी आणि जागरण अशा दोन परंपरांतील प्रयोग समोरासमोर ठेवून छापता येतील.

अशा कामात काय नोंदवावे याविषयी काही गोष्टी स्पष्ट असाव्यात. गायकाचा समाज आणि त्याचा व्यवसाय, प्रयोगाचे निमित्त व स्थळ, श्रोते कोण, मुख्य गायक कोठे थांबतो आणि साथीदार कोठे उचलतात, ओवीतून सपादणीकडे कोणत्या क्षणी वळण येते, कथेतील प्रत्येक स्थलनाम आणि गायक स्वतः तेथे गेला आहे काय, हे सर्व नोंदले गेले पाहिजे. यांतील शेवटची नोंद सहसा कोणी करीत नाही; आणि कथेची वाट व गायकाची वाट यांचा संबंध तपासण्याचे साधन तीच आहे.

या कामाची निकड भावनिक नाही, व्यावहारिक आहे. बागायत वाढली, गायराने आटली, रस्ते रुंद झाले. कळप नेण्याच्या वाटा तुटत चालल्या. धनगरांच्या अनेक कुटुंबांनी मेंढ्या विकून शेती, नोकरी, मजुरी पत्करली आणि मुलांच्या शिक्षणाच्या दृष्टीने तो निर्णय योग्यच आहे. भटकंतीचे कष्ट दुसऱ्याने सोसावेत आणि आपण त्यातील काव्य जपावे, असा आग्रह धरण्याचा अधिकार अभ्यासकाला नाही. परंतु जे काव्य वाटेच्या क्रमाने लक्षात राहते, त्याची वाट मोडल्यावर ते कशाच्या आधाराने लक्षात राहील, हा प्रश्न विचारणे त्याचे कर्तव्य आहे. ओव्या आज ध्वनिफितींवर आणि मोबाइलवरही ऐकल्या जातात, यात्रांत गजी नृत्याबरोबर गायल्या जातात. मात्र यात्रेतील थोडक्या वेळात बसणारा कथाखंड आणि रात्रभर चालणारी कथा यांत अंतर आहे. इजिप्तमधील हिलाली गायकांच्याही वाट्याला हेच आले आहे. जागतिक सूचीत नाव गेले तरी सलग अनेक रात्री कथा ऐकणारे श्रोते त्यामुळे परत येत नाहीत.

नाशिक परिसरातील मराठी विभागांना या बाबतीत अनुकूलता आहे. पौष पौर्णिमेला चंदनपुरीस खंडोबाची यात्रा भरते. तेथे ओवी गाणारे आणि जागरण करणारे असे दोन्ही परंपरांतील लोक भेटू शकतात. जिल्ह्याच्या पश्चिमेस सुरगाणा, पेठ, कळवण या तालुक्यांत कोकणा समाजाची थाळीवरची कथागायनाची परंपरा आहे : थाळीवर मेणाने उभी केलेली काडी, तिच्यावरून बोटे सरकवून काढलेला अखंड सूर आणि त्या सुरावर चाललेली कथा. डोंगरावरची ही कथा आणि पठारावरची धनगरी ओवी यांचा एकत्र अभ्यास झाल्यास मौखिक महाकाव्याचे दोन वेगळे नमुने एकाच जिल्ह्यात हाती येतील.

मराठीत महाकाव्य आहे काय, हा प्रश्न आपण आजवर ग्रंथालयात बसून विचारला. त्याचे एक उत्तर चंदनपुरी ते जेजुरी या वाटेवर आहे. ते ऐकायचे असेल तर गायलेले आणि बोललेले, दोन्ही ऐकावे लागेल, आणि दुसऱ्यांदा सांगितले म्हणून काहीही गाळता येणार नाही.